मदत हवी आहे: आई अतिदक्षता विभागात आहे, भाऊ तळोजा कारागृहात, कोणत्या रजेचा अर्ज करावा?

नमस्कार. मी कळव्यात राहते. माझा थोरला भाऊ तळोजा मध्यवर्ती कारागृहात शिक्षा भोगत असून त्याची साडेतीन वर्षे पूर्ण झाली आहेत. यापूर्वी तो एकदा संचित रजेवर, म्हणजे फर्लोवर, घरी आला होता आणि ठरलेल्या दिवशी वेळेआधीच परत हजर झाला होता. आमची आई मंगळवारपासून ठाण्यातील एका रुग्णालयाच्या अतिदक्षता विभागात आहे. भेटायला कोणी राहिले असेल तर बोलावून घ्या, असे डॉक्टरांनी काल सांगितले. राहिला आहे तो दादाच.

काल दुपारी खारघरला उतरून रिक्षाने कारागृहात गेले. तेथील अधिकाऱ्यांनी सगळे ऐकून घेतले आणि आकस्मिक अभिवचन रजा, जिला सगळे इमर्जन्सी पॅरोल म्हणतात, ती आजारपणासाठी मिळत नाही, असे समजावून सांगितले. रात्री रुग्णालयाच्या बाकावर बसून १९५९ चे फर्लो व पॅरोल नियम वाचले. त्यांतील नियम १९ मध्ये २०१८ साली झालेल्या दुरुस्तीनुसार आई-वडील, आजी-आजोबा, पती किंवा पत्नी, मुले वा भावंडे यांपैकी कोणाचा मृत्यू झाल्यास, तसेच मुलांच्या वा भावंडांच्या लग्नासाठी, १४ दिवसांची आकस्मिक रजा मिळू शकते. तिला मुदतवाढ नाही, पण मृत्यूच्या प्रसंगी ती अधीक्षकच मंजूर करू शकतात. गंभीर आजारपण मात्र नियमित पॅरोलच्या कारणांत, पत्नीचे बाळंतपण आणि पूर, आग यांसारख्या आपत्तींच्या सोबत घातले आहे. याचा अर्थ आई गेली तर दादाला अधीक्षकांच्या सहीने येता येईल, आणि ती आहे तोवर त्याचा अर्ज पोलीस ठाण्याच्या अहवालाची वाट पाहत राहील. फर्लोच्या वेळी त्या अहवालाला तीन आठवडे लागले होते. मृत्यूचा दाखला पडताळणे सोपे आणि आजारपणाचे खोटे दाखले मिळवणेही सोपे, म्हणून असा भेद केला असेल. पण आमच्याकडे तीन आठवडे नाहीत.

पोलीस बंदोबस्तात केवळ दोन-तीन तासांसाठी त्याला रुग्णालयात आणता येते का, आणि त्याची परवानगी कोणाकडे मागायची? बंदोबस्ताचा खर्च आधी भरावा लागतो असे कळले; त्याची तयारी आहे.

प्रतिसाद

ताई, माझ्या चुलतभावासाठी आम्ही हीच धावपळ केली आहे. नियमित पॅरोलचा अर्ज आजच अधीक्षकांकडे द्या आणि पोच घेतल्याशिवाय तेथून निघू नका. डॉक्टरांच्या प्रमाणपत्रावर नोंदणी क्रमांक, रुग्णालयाचा शिक्का आणि प्रकृती चिंताजनक असल्याचा स्पष्ट उल्लेख हवा, कारण पोलीस तेच पडताळतात. जामीनदारालाही घरी थांबायला सांगा. जबाबासाठी तो सापडला नाही की आणखी दोन दिवस जातात. फर्लोवरून वेळेत परतल्याचे अर्जात ठळकपणे लिहा.

अर्जाची वाट पाहण्याइतका वेळ नसेल, तर उच्च न्यायालयात फौजदारी रिट याचिका दाखल करून तातडीच्या सुनावणीची आणि बंदोबस्तात भेट घडवण्याची मागणी करता येते. भाऊ कोठडीत असल्याने १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यानुसार त्याला मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे. त्यासाठी ठाणे जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा किंवा १५१०० वर फोन करा. न्यायाधीन बंद्याचा, म्हणजे ज्याचा खटला अजून संपलेला नाही त्याचा, मार्ग वेगळा असतो, त्याला खटला चालू असलेल्या न्यायालयात तात्पुरता जामीन मागावा लागतो. तुमच्या भावाला शिक्षा झालेली असल्याने जामिनाच्या सल्ल्यांत वेळ घालवू नका.

दरम्यान ई-मुलाकातीची, म्हणजे बंद्याशी व्हिडिओ कॉलवर भेटीची, विनंती आजच लेखी करा. आईला निदान त्याचा आवाज ऐकू येईल.

मूळ लेखिका

मनापासून आभार. अर्जाची पोच मिळाली आणि ई-मुलाकात उद्या सकाळी ठरली आहे. प्राधिकरणातून वकील नेमून मिळाले असून ते भावाचे वकीलपत्र, म्हणजे त्यांना वकील नेमल्याचे त्याच्या सहीचे पत्र, मागत आहेत. त्यावर कारागृहात जाऊन त्याची सही कशी घ्यायची आणि ती अधीक्षकांकडून साक्षांकित करून घ्यावी लागते का, हे कोणी आज रात्रीपर्यंत सांगू शकेल का?