मदत हवी आहे: आर्ने सुक्सडॉर्फचे चित्रपट कुठे पाहायला मिळतील?

मंडळी, स्वीडनच्या आर्ने सुक्सडॉर्फवर (1917–2001) माहिती गोळा करतोय. हा माणूस स्वतःच कॅमेरा धरायचा आणि दिग्दर्शनही करायचा. स्टॉकहोम शहरावरच्या त्याच्या लघुपटाने स्वीडनला पहिलं ऑस्कर मिळवून दिलं. 1953 च्या 'द ग्रेट अ‍ॅडव्हेंचर'मध्ये दोन भाऊ एक पाणमांजर घरातल्यांपासून लपवून माळ्यावर पाळतात. जनावरांच्या हालचाली इतक्या जवळून टिपणारा छायाचित्रकार विरळाच.

मला खरी ओढ आहे ती 1957 च्या 'द फ्लूट अँड द अ‍ॅरो'ची. आपल्या गडचिरोलीला लागून असलेल्या बस्तरमध्ये, मुरिया गोंड आदिवासींच्या गावात त्याने तो चित्रित केला. संगीत पंडित रविशंकरांचं. वाघाच्या बछड्याबरोबर खेळणारा छोटा चेंदरू त्यातलाच. पुढे सुक्सडॉर्फ ब्राझीलला गेला आणि तिथेच वर्षानुवर्षं राहिला. त्या काळाबद्दल तर मराठीत काहीच सापडत नाही.

'द फ्लूट अँड द अ‍ॅरो'ची चांगली, सबटायटल्स असलेली प्रत कुठे मिळेल? फिल्म सोसायटीत कुणी पाहिलाय का? जुन्या मराठी मासिकांत त्यावर काही छापून आलं असेल तर अंक आणि वर्ष जरूर कळवा. बस्तरमधल्या नारायणपूरकडच्या जाणकारांनी चित्रीकरणाच्या आठवणी ऐकल्या असतील तर त्याही हव्या आहेत.