ओट्स आणि कोलेस्टेरॉल : झटपट ओट्सचाही उपयोग होतो का?

प्रश्न : ओट्समुळे कोलेस्टेरॉल कमी होते, असे सर्रास वाचायला मिळते. हा गुण नेमका कशामुळे येतो आणि झटपट शिजणाऱ्या ओट्समध्येही तो टिकतो का, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

प्रतिसाद १ : तो गुण बीटा-ग्लुकन या विद्राव्य तंतूचा आहे. शिजवलेल्या ओट्सना येणारा बुळबुळीतपणा मुख्यतः त्याचाच; हा दाट द्रव आतड्यात पित्ताम्लांना (चरबी पचवण्यासाठी यकृत कोलेस्टेरॉलपासून बनवते ती आम्ले) अडकवून शरीराबाहेर नेतो आणि ती तूट भरून काढण्यासाठी यकृत रक्तातील कोलेस्टेरॉल वापरते. मात्र त्यासाठी रोज सुमारे ३ ग्रॅम बीटा-ग्लुकन, म्हणजे साधारण ७५ ग्रॅम कोरडे ओट्स पोटात जायला हवेत. दोन चमचे भुरभुरवून काही साधत नाही.

प्रतिसाद २ : झटपट ओट्समध्येही हा तंतू असतो, परंतु दाणे अधिक पातळ चेपलेले असल्यामुळे ते लवकर पचतात आणि रक्तातील साखर तुलनेने वेगाने वाढते. मधुमेह असल्यास जाडसर चिरलेले दाणे बरे. (चवीच्या पाकिटांतील साखरेबद्दल न बोललेलेच बरे!)

प्रतिसाद ३ : सीलिअ‍ॅक विकार (गव्हातील ग्लुटेन या प्रथिनामुळे आतड्याला इजा होणे) असलेल्यांनी ग्लुटेनमुक्त म्हणून प्रमाणित केलेले ओट्सच, तेही डॉक्टरांना विचारून घ्यावेत, कारण शेतात किंवा गिरणीत त्यात गहू मिसळलेला असू शकतो, आणि मोजक्या रुग्णांना ओट्समधील अ‍ॅव्हेनिन हे प्रथिनही सोसत नाही.