एडमंटनमधील मिल वुड्स: गाडी न चालवणाऱ्या आईवडिलांना सोयीचे ठरेल का?

गोदाकाठ (प्रश्नकर्ता)

नमस्कार. माझी मुलगी व जावई कॅनडातील एडमंटन शहरात भाड्याने राहतात आणि आता स्वतःचे घर घेण्याच्या विचारात आहेत. दोन घरे त्यांच्या मनात भरली आहेत. एक मिल वुड्स या जुन्या उपनगरात असून ते 1978 सालचे आहे. दुसरे अँथनी हेंडे या रिंगरोडच्या दक्षिणेला नव्याने वसलेल्या वस्तीत, अगदी कोरे करकरीत आहे. आम्ही दोघे नाशिकचे, मी अडुसष्ट वर्षांचा आणि पत्नी पासष्टची. सुपर व्हिसा (मुलांकडे दीर्घ मुक्कामासाठी आईवडिलांना मिळणारा व्हिसा) मिळाल्यामुळे वर्षातील सहा-सात महिने, त्यातही हिवाळ्याचा बराचसा भाग, आम्ही तेथे काढावा असा मुलीचा आग्रह आहे. मात्र त्या बर्फात गाडी चालवण्याची आमची दोघांचीही तयारी नाही. मागील खेपेस मुले कामावर गेल्यावर आम्ही दिवसभर खिडकीशी बसून समोरच्या बंद गॅरेजांकडे पाहत राहिलो, तसे पुन्हा होऊ नये एवढीच इच्छा आहे. नकाशात मिल वुड्सचे रस्ते जिलेबीसारखे वळलेले दिसतात, त्यामुळे अंतराचा अंदाज येत नाही. तेथे राहणाऱ्यांनी कृपया सांगावे की कोणाच्या मदतीशिवाय, पायी किंवा बसने, आम्हांला तेथे कितपत वावरता येईल?

मुक्काम पोस्ट मिल वुड्स

आम्ही येथे सत्तावीस वर्षे राहत आहोत, तेव्हा थोडे विस्ताराने लिहितो. मिल वुड्स हे एखाद्या बिल्डरने तुकड्यातुकड्याने वाढवलेले उपनगर नाही. 1970च्या सुमारास घरांसाठी जमीन स्वस्तात मिळावी म्हणून प्रांत सरकार व नगरपालिका यांनी शहराच्या आग्नेयेला शेतजमीन एकत्र केली आणि तिची आखणी करून टप्प्याटप्प्याने प्लॉट विकले. त्या आखणीत आतल्या रस्त्यांवरून भरधाव वाहने जाऊ नयेत म्हणून ते मुद्दाम वळणावळणाचे ठेवले गेले आणि शाळा व मैदाने वस्तीच्या पोटात घेऊन त्यांना पायवाटांनी जोडले गेले. म्हणून आपण पाहिलेला नकाशा गाडीवाल्याचा आहे, असे समजावे. गाडीला जेथे मोठा वळसा पडतो, तेथे दोन घरांच्या कुंपणांमधून निघणारी वाट पायी जाणाऱ्याला थेट बसथांब्यावर नेऊन सोडते. घर पाहताना या वाटा प्रत्यक्ष चालून पाहाव्यात.

पत्त्यांचे गणितही एकदा समजून घ्यावे. एडमंटनमध्ये ॲव्हेन्यूचे आकडे उत्तरेकडे आणि स्ट्रीटचे आकडे पश्चिमेकडे वाढत जातात. मिल वुड्स साधारणपणे 34 स्ट्रीट ते 91 स्ट्रीट यांच्या दरम्यान आहे. मोठ्या रस्त्यांवर हे गणित चोख चालते, आत शिरल्यावर मात्र आकड्यापुढे ए, बी अशी अक्षरे लागतात, आणि मिल वुड्स रोड तर गोल फिरून पुन्हा पुन्हा आडवा येतो. पहिल्या वर्षी आम्ही स्वतःचेच घर दोनदा चुकलो होतो!

आता मुख्य मुद्दा. टाउन सेंटर हे खरेदी-संकुल, ग्रे नन्स रुग्णालय, वाचनालय आणि एलआरटीचे, म्हणजे शहरी हलक्या रेल्वेचे, स्थानक ही सर्व 66 स्ट्रीटच्या आसपास, एकमेकांपासून फारशी लांब नाहीत. 2015मध्ये उघडलेल्या वाचनालयाच्या इमारतीतच ज्येष्ठ नागरिकांचे केंद्र आहे आणि उणे पंचवीसमध्ये घराबाहेर पडण्यास याहून चांगले निमित्त मला ठाऊक नाही. 4 नोव्हेंबर 2023 रोजी एलआरटीची व्हॅली लाइन सुरू झाल्यापासून शहराच्या मध्यभागी जाण्यास बस बदलावी लागत नाही. डब्यांचा तळ फलाटाच्या पातळीत असल्याने गुडघे दुखणाऱ्यांची मोठी सोय झाली आहे. शेजारी पंजाबी कुटुंबे पुष्कळ असल्याने पत्नींना हिंदीत गप्पा मारायला सोबत मिळेल. किराण्याची भारतीय दुकाने 34 ॲव्हेन्यूच्या पट्ट्यात आहेत.

सकाव, मेनिसा, सातू ही येथील वस्त्यांची नावे ऐकून आपल्याला कुतूहल वाटेल. सकाव म्हणजे येथील मूळनिवासी क्री लोकांच्या भाषेत रान, मेनिसा म्हणजे बोरांसारखी छोटी रानफळे. ही भूमी पापास्चेस क्री लोकांच्या राखीव क्षेत्रात होती आणि 1888 साली ती त्यांच्या हातून गेली. जमीन सोडून दिल्याच्या त्या कागदावर तीनच पुरुषांच्या खुणा होत्या, आणि त्यांच्या वंशजांचा दावा 2008मध्ये कॅनडाच्या सर्वोच्च न्यायालयाने मुदत टळल्याच्या कारणावरून नाकारला. माणसे गेली आणि नावे पाट्यांवर आली, हे मला अजूनही खटकते.

काळी माती

मी व्यवसायाने स्थापत्य अभियंता असल्याने घरापुरतेच लिहितो. हिमयुगाच्या अखेरीस येथे वितळलेल्या हिमनदीचे सरोवर होते, त्यामुळे जमिनीत चिकणमातीचे प्रमाण फार आहे. आपल्याकडची काळी जमीन जशी पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात भेगाळते, तसाच हिचा स्वभाव आहे, आणि त्याचा ताण तळघराच्या भिंतींवर येतो. केसाएवढ्या उभ्या चिरेने घाबरू नये. आडवी चीर किंवा आत झुकलेली भिंत दिसली तर मात्र जाणकाराचा लेखी अहवाल घेतल्याखेरीज पुढे जाऊ नये. 1978च्या घरात ॲल्युमिनियमची वायरिंग किंवा पॉली-बी नावाच्या करड्या प्लॅस्टिकच्या नळ्या असू शकतात. विमा कंपन्या त्यांविषयी विचारतात, म्हणून खरेदीपूर्वीच विमा मिळतो का हे पाहावे.

त्या काळातील पुष्कळ घरे बाय-लेव्हल किंवा फोर-लेव्हल स्प्लिट (अर्ध्या-अर्ध्या जिन्यांनी जोडलेल्या चार पातळ्यांची) धाटणीची आहेत. बाय-लेव्हल घरात दार उघडताच अर्धा जिना वर आणि अर्धा खाली जातो, म्हणजे चहासाठीही जिना चढणे आले. आपल्या मंडळींचा रिवाज असा की आईवडील आले की त्यांना बेसमेंटमध्ये स्वतंत्र खोली द्यायची. हेतू चांगला असतो, पण तेथे ऊन पोहोचत नाही. ती खोली द्यायचीच असेल तर आग लागल्यास बाहेर पडता येईल एवढी मोठी खिडकी तिला असलीच पाहिजे. डिसेंबरमध्ये येथे सूर्य पावणेनऊच्या सुमारास उगवून सव्वाचारला मावळतो, तेव्हा दक्षिणेकडे खिडकी असलेली खोली मिळाली तर ती सोडू नका.

हेंडेपलीकडे

वरील दोन्ही उत्तरे माहितीपूर्ण आहेत, पण नव्या वस्तीची बाजू कोणीच मांडली नाही. आमचे घर 2016चे आहे. तिहेरी काचांमुळे खिडकीशी गारवा जाणवत नाही आणि तळमजल्यावर शयनगृह व पूर्ण बाथरूम असल्यामुळे माझ्या सासूबाईंना जिना चढावा लागत नाही. जानेवारी 2024च्या थंडीत, जेव्हा वीज जपून वापरण्याची सूचना साऱ्या अल्बर्टा प्रांतातील लोकांच्या फोनवर आली होती, तेव्हाही आमचे घर उबदार राहिले. पायवाटांचे कौतुक मलाही मान्य आहे, परंतु जानेवारीत त्यांवर घट्ट, निसरडा बर्फ असतो आणि घरासमोरचा पदपथ साफ करणे हे घरमालकाचे काम असल्याने एक शेजारी आळशी निघाला की सगळी वाट धोक्याची होते.

तरीही प्रामाणिकपणे सांगते, सासूबाई नोव्हेंबर ते मार्च एकट्याने कोठेही जात नाहीत. दुकाने गाडीने पाच मिनिटांवर आहेत आणि पायी जाण्यासारखी नाहीत.

मुक्काम पोस्ट मिल वुड्स

निसरड्याबाबत आपण म्हणता ते खरे आहे. पदपथावर टाकण्यासाठी नगरपालिकेची वाळू ठिकठिकाणच्या पेट्यांतून फुकट मिळते, आम्ही बादली भरून आणतो. बुटांखाली चढवायचे लोखंडी काट्यांचे रबरी पट्टे मात्र दोघांनीही घ्यावेत, त्यात काटकसर नको.

गोदाकाठ (प्रश्नकर्ता)

सर्वांचे मनापासून आभार. काल मुलीला हा धागा वाचून दाखवला. मिल वुड्सचे ते घर बाय-लेव्हलच निघाले आणि आमच्यासाठी योजलेली खोली तळघरात, उत्तरेकडे खिडकी असलेली आहे, त्यामुळे ते घर आम्ही सोडले आहे. वस्ती सोडलेली नाही. त्याच भागात, स्थानकापासून चालण्याच्या अंतरावर, एकमजली जुना बंगला शोधण्यास तिला सांगितले आहे. जागा नक्की करण्यापूर्वी जानेवारीतल्या एखाद्या संध्याकाळी चार वाजता जावयांनी गाडी घरी ठेवून तेथून वाचनालयापर्यंत चालत जावे आणि किती वेळा पाय घसरला ते मला फोनवर सांगावे, असे ठरले आहे. जावई अजून हसत आहेत, पण त्यांनी होकार दिला आहे.