चॅम्प आणि अबेनाकींचा गितास्कोग एकच का?

बर्लिंग्टनकर
नमस्कार मंडळी. व्हरमाँटात येऊन तीन वर्षं झाली. इथे शॅम्प्लेन सरोवरातल्या 'चॅम्प' नावाच्या अजस्र प्राण्याचं भलतंच कौतुक. टी-शर्टांवर तोच, बेसबॉल संघाचं बाहुलंही तोच. लेकीला चौथीत इथल्या मूळनिवासी अबेनाकींवर प्रकल्प आहे. तिने हिरवा, हसरा चॅम्प काढून खाली लिहिलं 'गितास्कोग'. बाईंनी नुसतं प्रश्नचिन्ह काढून वही परत दिली. दोन्ही एकच ना? आणि १६०९ साली फ्रेंच शोधक शॅम्प्लेनने तो खरंच पाहिला होता?

मॉन्ट्रियलचा मामा
ताई, बाईंचं बरोबर आहे. शॅम्प्लेनने पाहिला तो मासा! 'शाउसारू' असं त्याने लिहून ठेवलंय: पाच फूट लांब, मांडीएवढा जाड, खंजीर शिरणार नाही असे खवले. वर्णन 'गार' नावाच्या माशाला तंतोतंत जुळतं, आणि तो आजही त्या पाण्यात आहे. डोकं दुखलं की तिथले लोक त्याच्या दातांनी रक्त काढतात, असंही त्याने लिहिलंय. (मला अमृतांजन बरं.) शॅम्प्लेनने वीस फुटी साप पाहिला, ही १९७०च्या एका मासिकातल्या लेखाची करामत.

अबेनाकींच्या कथांतला गितास्कोग म्हणजे साधं 'मोठा साप'. 'स्कोग' म्हणजे साप. टी-शर्टवाला चॅम्प त्यावर नंतर चिकटवलेला.

तळ्यातमळ्यात
ओजिब्वे या दुसऱ्या मूळनिवासी लोकांचा मिशिगिनेबिगही तसाच, अर्थ पुन्हा 'मोठा साप'. भाषा एकाच कुळातल्या. त्याचं वैर गडगडाटी पक्ष्यांशी. म्हणजे आपले गरुड आणि नागच की!

मॉन्ट्रियलचा मामा
साम्य दिसतं खरं, पण घाईने सोयरीक जुळवू नका. सुपीरियर सरोवराकाठी अगावाच्या कड्यावर मी ओजिब्वेंची जुनी चित्रं पाहिलीत. लाल गेरूने काढलेला शिंगवाला मिशिपेशू (त्यांच्या कथांतला पाण्यातला वाघ), खाली दोन साप. पाण्याला टेकलेल्या अरुंद, निसरड्या दगडावरून जावं लागतं. लाटा असल्या की जाताच येत नाही. माझे पाय लटपटत होते. तिथे तंबाखू वाहायची रीत आहे. त्या पाण्याकडे बघून कुणाला हसरा चॅम्प सुचणार नाही.

बर्लिंग्टनकर
धन्यवाद मामा. लेकीने चॅम्पचं हसू खोडलं, शेजारी गार मासा काढणं चालू आहे. दातांच्या ओळी किती, विचारतेय.

मॉन्ट्रियलचा मामा
शॅम्प्लेनच्या हिशेबाने दोन. पेन्सिलीला टोक करायला सांगा.