मदत हवी आहे: निळी पातोळी राखाडी होतेय

मंडळी, फोंड्याहून लिहितोय. आम्ही पाच-सहा मित्रांनी खेळासाठी एक काल्पनिक जग रचलंय, त्यात चांदपुडी म्हणून मानाचा पदार्थ आहे, नवा नाखवा नेमताना म्हातारी ती निळी पुडी फोडते, वर लिंबू पिळते आणि जांभळी झाली तरच समुद्राने त्याला कबूल केलं म्हणायचं. (नाही झाली तर काय, ते आमचं अजून ठरत नाहीये.)

आता शनिवारी ती खरंच करून न्यायचीय. सुरय तांदूळ भिजवून वाटला, पाण्याऐवजी गोकर्णाच्या फुलांचा अर्क घातला, हळदीच्या पानावर थापून आत नारळ आणि माडाचा गूळ, थोडक्यात पातोळीच. वाफवल्यावर रंग आला ओल्या सिमेंटचा! लिंबू पिळलं तर नुसते दोन जांभळे ठिपके. पेल्यात उरलेला अर्क मात्र दोन थेंबांत झक्कास बदलतो, म्हणजे फुलं बरोबर आहेत.

वाटीभर पाण्याला वीसेक फुलं कमी पडली का? की गुळाचा पाक सुटून रंग मळतोय, साखर घालू? आई म्हणते आगळ (कोकमाचा रस) ओत, पण तो मुळातच लाल, मग जादू कसली. कुणी निळे मोदक वगैरे केलेत का?