हिंगोली जिल्हा: निजामकालीन कागदांवरून गावाचा इतिहास कसा जुळवायचा?

कयाधूकाठ:
औंढा नागनाथ तालुक्यातल्या एका गावाची ग्रामपंचायतीसाठी माहिती-पुस्तिका करायची आहे. हाताशी आहे ते असं: १९५४-५५ च्या खासरा पत्रकाची (सर्व्हे नंबरवार जमीन-नोंदीची) नक्कल, दोन उर्दू कागद आणि मारुतीच्या पारामागचे तीन कोरीव दगड.

अडलंय चार ठिकाणी. एका कागदावर "१५ तीर १३४३ फसली" (फसली म्हणजे महसुली कालगणना) अशी तारीख आहे. नेटवरचं कन्व्हर्टर ते साल १९३६ सांगतं, पण त्यावर सही करणारे माली पाटील (महसूल वसुलीचे पाटील) १९३५ मध्येच वारल्याची नोंद आहे. खासऱ्यातले सर्व्हे नंबर आजच्या गट नंबरांशी जुळत नाहीत. शिवारात दोन तांडे (बंजारा वस्त्या) आहेत, जुन्या जनगणनेत त्यांचा पत्ताच नाही. आणि दगडांवर नेमकं काय कोरलंय ते कळत नाही. सुरुवात कुठून करावी?

शिकस्तावाचक:
पाटलांनी मेल्यावर सही केलेली नाही, कन्व्हर्टर चुकीच्या मुलखाचं आहे. उत्तर हिंदुस्थानातल्या फसलीला ५९२-५९३ मिळवतात. हैदराबाद संस्थानाची फसली वेगळी, तिला ५९०-५९१. तिचं वर्ष ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात सुरू व्हायचं आणि महिन्यांची नावं इराणी: आजर, दै, बहमन, इस्फंदार, फरवर्दी, उर्दिबहिश्त, खुर्दाद, तीर, अमरदाद, शहरेवर, मेहेर, आबान. आजर, दै, बहमन असेल तर ५९० मिळवा (बहमनचे शेवटचे दोन-चार दिवस जानेवारीत घुसतात, तेवढं बघा), इस्फंदारपासून पुढे ५९१. तीर म्हणजे साधारण मे. तुमचा कागद मे १९३४ चा आहे.

खात्री करायची तर त्याच कागदावर हिजरी तारीख शोधा, कोपऱ्यात किंवा शिक्क्यात असते. सफर १३५३ च्या आसपास निघाली तर हिशेब बरोबर.

वाचताना घोटाळा होतो तो गावांच्या नावांत. घाईच्या शिकस्ता लिपीत कारकून नुक्ते (अक्षरांवरचे-खालचे ठिपके) गाळतो. बे, पे, ते, नून (ब, प, त, न) या चौघांचा शब्दाच्या सुरुवातीचा दात एकच, फरक फक्त नुक्त्यांचा. गाफची (ग) वरची दुसरी रेघही उडालेली असते. म्हणजे "पांगरा" हा बांगरा, नांगरा, पांकरा असा कसाही वाचता येतो. शिवाय उर्दूत ळ आणि ण नाहीत, म्हणून कळमनुरी तिथे "कलमनुरी" होते. एकटं नाव वाचून ठरवू नका. चतुःसीमेत शेजारची गावं दिलेली असतात, त्यातलं एखादं ओळखीचं सापडलं की बाकीची आपोआप लागतात.

रकमा आकड्यांत नसतील तर त्या सियाकात आहेत. अरबी संख्यानामांची ती आखूड वळणं. उर्दू येणाऱ्यालाही सियाक येतोच असं नाही, तेव्हा जाणकाराला आधी तेवढं विचारून घ्या. रुपये "हाली" आहेत की "कलदार" हेही बघा. हाली म्हणजे निजामाचं नाणं, कलदार म्हणजे इंग्रज सरकारचं: १०० कलदाराला ११६ रुपये १० आणे ८ पै हाली, म्हणजे सात हालीला सहा कलदार. गावाचा शेतसारा एका वर्षी अचानक घटलेला दिसला तर दुष्काळ शोधण्याआधी नाणं तपासा.

आणि "अव्वल तालुकदार" असं पद आलं तर तो तालुक्याचा अधिकारी नव्हे. तो आजच्या भाषेत जिल्हाधिकारी. तालुक्याला तहसीलदारच.

अभिलेखकक्ष:
तारखांच्याही आधी एक प्रश्न सोडवा: गाव कोणाचं होतं? दिवाणी म्हणजे खालसा (थेट सरकारचं), सर्फ-ए-खास म्हणजे निजामाच्या खाजगीतलं, पायगा (निजामाच्या खास सरदार घराण्यांचं), की जहागीर? कागद कुठे सापडेल आणि कुठल्या सालापासून, हे त्यावर ठरतं. दिवाणी गावाचं दप्तर सरळ तहसिलात. जहागिरीतलं दप्तर १९४९ मध्ये जहागिरी खालसा होईपर्यंत जहागीरदाराकडे होतं. पुढे सरकारजमा झालं ते तुटकच. बऱ्याच जहागिरींत मोजणीही उशिरा झाली. त्यामुळे "आमच्या गावाचं १९४९ आधीचं काहीच नाही" असं उत्तर मिळालं तर बहुतेक वेळा गाव जहागिरीतलं निघतं. संस्थानाच्या वरच्या पातळीवरचे कागद हैदराबादला तारनाक्याच्या राज्य अभिलेखागारात आहेत, पण गावपातळीची चौकशी संपवल्याशिवाय तिकडचं भाडं खर्चू नका.

दुसरी गोष्ट, जिल्ह्याचं नाव. हिंगोली जिल्हा १ मे १९९९ ला परभणीतून वेगळा झाला. जुनं सगळं "जिल्हा परभणी" म्हणून शोधा; १९६७ चं गॅझेटिअरही परभणीचंच. औंढा आणि सेनगाव हे तालुके नंतरचे. तुमचं गाव जुन्या यादीत हिंगोली, वसमत किंवा कळमनुरीखाली असेल. राज्यही दोनदा बदललं: १९५६ च्या ऑक्टोबरपर्यंत हैदराबाद, मग द्विभाषिक मुंबई, १९६० पासून महाराष्ट्र.

सर्व्हे आणि गट यांचा मेळ लावायला भूमी अभिलेख कार्यालयात एकत्रीकरण योजनेचा उतारा मागा. ९(३), ९(४) म्हटलं की कळतं. त्यात जुना सर्व्हे नंबर, हिस्सा आणि नवा गट समोरासमोर असतो. त्याबरोबर सेतवार (सर्व्हे नंबरवार क्षेत्र-आकाराची नोंदवही) आणि गावनकाशा. तहसिलात खासऱ्याशिवाय पाहणी पत्रक, क-पत्रक, कुळ नोंदवही आणि १९५१ चं राष्ट्रीय रजिस्टर मागा. अर्जात दस्ताचं नाव, गाव, सर्व्हे नंबर, साल चारही लिहा. "गावाची सर्व जुनी कागदपत्रं द्यावीत" असा अर्ज हमखास परत येतो.

आता खासरा. लोक त्यात आपल्या आजोबांचं नाव बघतात आणि मिटून ठेवतात. धारणाप्रकाराचा रकाना वाचा. खिदमतमाश इनाम म्हणजे चाकरीबद्दलची जमीन. देवळाचा गुरव, मशिदीचा मुल्ला, दर्ग्याचा मुजावर तिथे नावानिशी सापडतो. मदतमाश म्हणजे निर्वाहासाठी दिलेली. हाडकी-हाडोळा आला की ती महार वतनाची जमीन. मालकाच्या रकान्यासोबत कब्जेदाराचा रकाना जोडून वाचा, आणि त्याला १९५० च्या हैदराबाद कूळ कायद्याखालची संरक्षित कुळांची यादी लावा. जमीन कोणाच्या नावावर आणि नांगर कोणाचा, हे दोन वेगवेगळे इतिहास आहेत. पुस्तिकांमध्ये बहुतेक पहिलाच छापला जातो.

तांडावस्ती:
तांडे जनगणनेत नाहीत याचं कारण ते महसुली गावं नव्हती. तांडा कुठल्या तरी गावाच्या शिवारात, एखाद्या सर्व्हे नंबरात बसलेला असतो; डोकी मोजली गेली ती मूळ गावाच्या आकड्यात. म्हणून १९५१ ते १९६१ मध्ये गावाची लोकसंख्या एकदम वाढलेली दिसली तर "गाव भरभराटीला आलं" असं लिहू नका, तांडा आला असेल. दुसरी अडचण नावाची. तांडा नायकाच्या नावाने ओळखला जातो. नायक बदलला की काही ठिकाणी नावही बदलतं. त्यामुळे तांड्यातल्या म्हाताऱ्या माणसांकडून आधी नायकांचा क्रम घ्या, मग कागद शोधा. उलटं केलं तर एकाच तांड्याचे दोन होतात.

गावात अंध आदिवासी असतील तर वेगळी काळजी. मराठीत "अंध" लिहिलं की टंकणारा, तपासणारा, कुणीतरी त्याचा अर्थ "आंधळा" असा घेतो. छापताना "अंध (आदिवासी जमात)" असंच लिहा. बंजारा समाज महाराष्ट्रात विमुक्त जातींत आणि तेलंगणात अनुसूचित जमातींत आहे, तेव्हा हैदराबादकडच्या लेखातून वर्गवारी उचलू नका.

शिवारात "बेचिराग" शेरा असलेलं गाव असेल तर तेही घ्या. म्हणजे दिवा न लागणारं, उठून गेलेलं गाव. सारा चालू, वस्ती शून्य. तिथली घराणी बहुधा शेजारच्या दोन-तीन गावांत विखुरलेली असतात. आडनाव आणि कुलदैवत जुळवून माग लागतो.

कयाधूकाठ:
कागदाच्या मागच्या शिक्क्यात सफर १३५३ निघालं, म्हणजे तारखेचं मिटलं. दगडांचं कुणी सांगेल का? दोनांवर शेंदराचा थर आहे. गावातले म्हणतात खरवडून काढू.

पारकट्टा:
खरवडू देऊ नका. शेंदूर तेलात कालवलेला असतो, दगडाला घट्ट धरतो, आणि लोखंडी पत्र्याने काढताना कोरीवकामाच्या कडा जातात. ॲसिड तर नाहीच. अक्षरं दिसावीत म्हणून खडू किंवा रंग भरणं हाही उद्योग नको. चुकीची रेघ एकदा भरली की पुढचा प्रत्येक जण तीच वाचतो.

फोटो सकाळी सूर्य उगवल्यावर पहिल्या तासात काढा, दगडाला तिरपा उजेड मिळेल असे. किंवा रात्री बॅटरी दगडाच्या बाजूला टेकवून, एकेकदा चारही दिशांनी. बारीक खोदकाम सावलीत उठून येतं. शेजारी मोजपट्टी ठेवा.

तीन-चार चौकटी एकावर एक असतील तर तो वीरगळ (लढाईत पडलेल्या वीराचा स्मारकदगड), आणि तो खालून वर वाचायचा. सगळ्यात खाली लढाई किंवा पडलेला वीर; तिथे गुरं कोरलेली असतील तर तो गोधन राखताना पडला. मधे अप्सरा त्याला नेतात. वर तो शिवलिंगाची पूजा करतो, माथ्यावर चंद्रसूर्य. कोपरात वाकलेला, बांगड्या भरलेला एकटा हात असेल तर ती सतीशिळा. लेख असलाच तर तो बहुधा चौकटींमधल्या आडव्या पट्टीवर. औंढ्याच्या नागनाथाचं देऊळ यादवकाळातलं म्हणून जवळचा प्रत्येक दगड यादवकालीन ठरवायचा मोह होतो. लेख नसेल तर साल लिहू नका, "वीरगळ, लेख नाही, उंची अमुक" एवढंच लिहा.

हो, तिन्ही दगड आत्ता ज्या दिशेला तोंड करून आहेत ती दिशाही टिपून ठेवा. पाराचा जीर्णोद्धार निघाला की ते पहिले हलवले जातात.