शिमाझूंचा मुलूख शाबूतच राहिला

१६०० मधली जपानमधली सेकिगाहाराची लढाई तोकुगावा इएयासूने जिंकली, आणि हरलेल्या सगळ्यांच्याच जमिनी त्याने काढून घेतल्या, असं म्हटलं जातं. हरलेल्या मोरी घराण्याचा मुलूख छाटला हे खरं, पण दक्षिणेकडच्या सात्सुमा प्रांताच्या शिमाझू घराण्याला हात लागला नाही. १६०२ मध्ये त्यांचा मुलूख कायम केला गेला.

त्या दिवशी लढाई हातची गेल्यावर या घराण्याचा सेनानी शिमाझू योशिहिरो मागे वळला नाही, थेट शत्रूच्या फळीतून बाहेर पडला. पाठलाग अडवायला त्याचे मोजके बंदूकधारी रस्त्यातच मांडी ठोकून बसायचे, गोळी झाडायचे, मग मरेपर्यंत झुंजायचे. ते पडले की पुढची तुकडी बसायची. त्याचा पुतण्या तोयोहिसा या माघारीतच मारला गेला. सुमारे दीड हजारांतले जेमतेम ऐंशी जण घरी पोचले. त्यांच्या आठवणीत दर ऑक्टोबरात सात्सुमातल्या कागोशिमा शहराची माणसं आजही चिलखतं चढवून इजुइन या गावापर्यंत साधारण २० किलोमीटर चालतात. मला तरी ही माघार विजयाहून मोठी वाटते.